धावत्या समालोचनाचा कवी : जॉन आर्लट

धावते समालोचन हा धंदा मोठा कृतघ्न. खेळाडूचे आकडे उरतात, लेखकाचे पुस्तक उरते, गवयाची निदान एखादी तबकडी तरी उरते. समालोचक मात्र सकाळपासून घसा कोरडा करतो आणि संध्याकाळी पंचांनी बेल्स उचलल्या की त्याचे दिवसभराचे बोलणे हवेत विरून जाते. अभ्यासाच्या पुस्तकात तोंड खुपसून आणि ट्रान्झिस्टर कानाला लावून ज्यांनी क्रिकेट ऐकले त्या आमच्या पिढीला हे नवे नाही. बाळ ज. पंडितांचे मराठी समालोचन ऐकता ऐकता आम्ही कधी न पाहिलेल्या मैदानांवरचे गवतसुद्धा ओळखू लागलो होतो. पण पंडितांविषयी सांगणारे आपल्याकडे पुष्कळ आहेत. मला आज लिहायचे आहे ते एका इंग्रज समालोचकाविषयी. कलाशाखेच्या अंकात त्याचे नाव यावे याला दोन कारणे आहेत. एक तर तो कवी होता. दुसरे, समालोचक म्हणून तो जन्माला आला तोच मुळी हिंदुस्थानच्या संघामुळे आणि हिंदुस्थानातल्या श्रोत्यांसाठी. तिसरेही एक कारण आहे, आणि खरे म्हणजे तेच मोठे. पण ते ओघाने येईल.

लेस्ली टॉमस जॉन आर्लट याचा जन्म २५ फेब्रुवारी १९१४ रोजी इंग्लंडमधल्या हॅम्पशर परगण्यात, बेसिंगस्टोक या गावी झाला. (खेळातल्या माणसांना आपण अरेतुरेच करतो. त्यात अनादर नसतो, घरोबा असतो. तेव्हा मीही तसेच करणार आहे.) घर होते गावच्या जुन्या दफनभूमीच्या फाटकाशी, तिथल्या राखणदाराच्या लॉजमध्ये. घराण्यात पैसा नव्हता, मोठ्या विद्यापीठाची वाट नव्हती. गावातल्या क्वीन मेरीज शाळेत तो शिकला, पण मुख्याध्यापकांशी त्याचे जमेना. शेवटी शाळा सुटली आणि एका मनोरुग्णालयात कारकुनी सुरू झाली. चार वर्षे तिथे काढून १९३४ साली तो साउथॅम्प्टनच्या पोलीस दलात भरती झाला. पुढची अकरा वर्षे, म्हणजे युद्धातले बाँबहल्ले धरून, हा गृहस्थ पोलीस होता.

पोलिसाच्या गणवेशात कवी वावरू शकतो हे आपल्या मनात चटकन बसत नाही. आर्लट मात्र रात्रपाळी करी, सुटीच्या दिवशी जुन्या पुस्तकांच्या दुकानांत धूळ खाई आणि कविता लिही. जॉन बेट्जमनसारख्या नामवंत कवीने त्याला उत्तेजन दिले. क्रिकेटवरची त्याची एक कविता सिरिल कॉनलीच्या ‘होरायझन’ या त्या काळच्या मान्यवर मासिकात आली आणि १९४४ मध्ये ‘ऑफ पीरिअड अँड प्लेस’ हा संग्रह निघाला. मोठा कवी तो झाला नाही, हेही सांगून टाकावे. त्याच्या कविता प्रामाणिक आहेत, नीटस आहेत, पण खरा कवी त्याच्या बोलण्यात होता. क्रिकेटपटू म्हणून तर आनंदच होता. १९३८ साली वूस्टर इथे हॅम्पशर संघाला माणूस कमी पडला तेव्हा बदली क्षेत्ररक्षक म्हणून तो मैदानात उतरला, एवढीच त्याची काउंटी क्रिकेटमधली पुंजी.

१९४५ मध्ये त्याने पोलिसाचा डगला उतरवला आणि बी.बी.सी.च्या पूर्व विभागात वाङ्मयीन कार्यक्रमांचा निर्माता म्हणून तो रुजू झाला. याच विभागात काही काळापूर्वी जॉर्ज ऑर्वेल काम करून गेला होता. आर्लट बसला तो त्याच जागेवर. हिंदुस्थानात इंग्रजी वाङ्मय वाचणाऱ्या, विशेषतः महाविद्यालयांतून ते शिकणाऱ्या, मंडळींपर्यंत इंग्रजी कविता नभोवाणीवरून पोहोचवायची, हे त्याचे काम. डिलन टॉमससारख्या कवीला ध्वनिक्षेपकासमोर आणून बसवायचे, त्याच्याकडून वाचून घ्यायचे, आणि तो शुद्धीवर राहील याकडेही लक्ष ठेवायचे! आपल्या आधीच्या पिढीतल्या कोणा प्राध्यापकांनी लघुलहरींवर हे कार्यक्रम ऐकलेही असतील.

आणि मग १९४६ चा उन्हाळा आला. युद्ध संपल्यावर इंग्लंडमध्ये येणारा पहिला परदेशी संघ हिंदुस्थानचा होता. नबाब पतौडी थोरले कप्तान, विजय मर्चंट उपकप्तान, सोबत विजय हजारे, विनू मंकड, लाला अमरनाथ, मुश्ताक अली. या दौऱ्याची खबर हिंदुस्थानात रोज पोहोचवायची तर पूर्व विभागाकडे क्रिकेट जाणणारा माणूस हवा. कविता करवून घेणारा तो आर्लट क्रिकेटवेडा आहे, एवढे वरिष्ठांना ठाऊक होते. पहिल्या दोन सामन्यांपुरते त्याला पाठवून पाहावे असे ठरले. पहिला सामना होता मे महिन्यात वूस्टरला, जिथे आठ वर्षांपूर्वी हा पोलीस बदली म्हणून पळत होता तिथेच. हिंदुस्थानातून चांगला प्रतिसाद आला आणि कवितेचे कार्यक्रम सांभाळून उरलेला सगळा दौरा करायला त्याला मोकळीक मिळाली.

तो दौराही असा की समालोचकाने त्यावर आयुष्य काढावे. पाऊस सारखा पिच्छा पुरवत होता. तरीही मर्चंटने दौऱ्यात २३८५ धावा काढल्या. मंकडने हजारावर धावा आणि शंभरावर बळी असा दुहेरी पराक्रम केला. ओव्हलवर सरे परगण्याविरुद्ध चंदू सरवटे आणि शुटे बॅनर्जी या दहाव्या आणि अकराव्या क्रमांकाच्या फलंदाजांनी शेवटच्या विकेटसाठी २४९ धावांची भागी केली आणि दोघांनीही शतके ठोकली. जगाच्या पाठीवर असे पुन्हा घडलेले नाही. मँचेस्टरच्या कसोटीत सोहोनी आणि हिंदळेकर या शेवटच्या जोडीने तेरा मिनिटे किल्ला लढवून पराभव टाळला. कसोटी मालिका आपण ०-१ अशी गमावली, पण आर्लटला त्याचे आयुष्याचे काम मिळाले. त्या दौऱ्यावरचे त्याचे पुस्तक ‘इंडियन समर’ पुढच्याच वर्षी, १९४७ मध्ये प्रसिद्ध झाले. आपला देश स्वतंत्र झाला तेही वर्ष तेच.

त्या काळी बी.बी.सी.वर बोलायचे म्हणजे एका विशिष्ट घराण्याचे, विशिष्ट शाळेचे इंग्रजी बोलायचे. आर्लटच्या जिभेवर हॅम्पशरची माती होती. ‘र’ चा उच्चार घोटून, शब्द लांबवून, जरा खरखरीत आवाजात तो बोले. आवाज गावंढळ आहे, पण डोके चांगले चालते, अशा अर्थाचा शेरा वरिष्ठांकडून त्याला मिळाला होता. कोल्हापूरकडचा किंवा चंद्रपूरकडचा मुलगा पुण्याला येऊन वक्तृत्व स्पर्धेत उभा राहिला की परीक्षकांच्या चेहऱ्यावर जे भाव उमटतात ते ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना या शेऱ्याची जात ओळखता येईल. आर्लटने आवाज बदलला नाही. वीस-पंचवीस वर्षांत असे झाले की इंग्लंडमधल्या लोकांना उन्हाळा म्हटला की तोच आवाज आठवू लागला, आणि विनोदी नट त्याची नक्कल करून पोट भरू लागले.

त्याच्या समालोचनाच्या ध्वनिफिती मी पुष्कळ ऐकल्या आहेत. त्यांत मला जाणवलेली गोष्ट अशी की त्याला घाई नाही. दोन चेंडूंच्या मधला जो अर्धा मिनिट असतो तो इतर समालोचकांना भिववतो. काहीतरी बोललेच पाहिजे म्हणून ते आकडे सांगतात, जुने किस्से काढतात. आर्लट या अर्ध्या मिनिटात आजूबाजूला पाहतो. ढग कुठून येत आहेत, गोलंदाज मागे परत जाताना खांदे पाडून चालतो आहे की ताठ, पंचाच्या अंगावर किती स्वेटर जमले आहेत, स्लिपमधला माणूस कोणाशी काय खुणा करतो आहे. मग गोलंदाज धावू लागतो तेव्हा वाक्ये आपोआप आखूड होतात, चेंडू पडतो, आणि ऐकणाऱ्याला तो पडलेला दिसतो. उपमा अगदी सहज येत. पाकिस्तानच्या असिफ मसूदची धाव पाहून त्याला ग्राउचो मार्क्स हा विनोदी नट हॉटेलातल्या वाढपिणीच्या मागे दबकत पळतो त्याची आठवण झाली. १९७५ च्या पहिल्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात क्लाइव्ह लॉइडने मारलेला एक फटका त्याला रस्त्याने जाता जाता छडीने काटेरी झुडपाचा शेंडा उडवणाऱ्या माणसासारखा वाटला. उपमालंकार शिकवताना मी वर्गात हे उदाहरण देत असे. मुले फळ्याकडे न पाहता खिडकीबाहेर मैदानाकडे पाहत, आणि मला ते चालत असे.

१४ ऑगस्ट १९४८. ओव्हलचे मैदान, डॉन ब्रॅडमनची शेवटची कसोटी. कसोटीत शंभराची सरासरी पुरी व्हायला चारच धावा हव्यात. इंग्लंडच्या खेळाडूंनी त्याच्याभोवती उभे राहून त्याचा जयजयकार केला, आणि हॉलीजच्या दुसऱ्याच चेंडूवर ब्रॅडमनचा त्रिफळा उडाला. त्या क्षणी ध्वनिक्षेपक आर्लटच्या हाती होता. तो ओरडला नाही. अशा वेळी, ज्या मैदानावर आपण एवढे खेळलो तिथे शेवटचे येताना, प्रतिस्पर्ध्यांनी एवढा मान दिल्यावर, माणसाला चेंडू नीट दिसत तरी असेल का, असा प्रश्न त्याने श्रोत्यांपुढे ठेवला. बातमी सांगून झाल्यावर दुसऱ्याच श्वासात त्याने बाद झालेल्या माणसाच्या जागी स्वतःला उभे केले. मला वाटते, त्याच्या पुढच्या आयुष्याची किल्ली इथे आहे.

कारण त्याच वर्षाच्या अखेरीस तो इंग्लंडच्या संघाबरोबर दक्षिण आफ्रिकेला गेला. तिथे नुकतीच नॅशनल पार्टीची राजवट आली होती आणि वर्णद्वेषाला कायद्याचे रूप यायला लागले होते. मैदाने सुंदर होती, गोऱ्यांचे आदरातिथ्य उत्तम होते. पण आर्लट मैदानाबाहेरही फिरला. काळ्या लोकांच्या वस्त्या त्याने पाहिल्या, भर रस्त्यात विनाकारण त्यांना मिळणारी वागणूक पाहिली. देश सोडताना भरायच्या कागदावर वंशाच्या रकान्यात त्याने फक्त माणूस एवढेच लिहिले आणि अधिकाऱ्यांशी वाद ओढवून घेतला, ही हकीकत प्रसिद्ध आहे. परत आल्यावर १९५० मध्ये नभोवाणीवरच्या ‘एनी क्वेश्चन्स’ या चर्चेच्या कार्यक्रमात त्याने दक्षिण आफ्रिकेच्या सरकारला नाझी वळणाचे म्हटले. त्या सरकारने तक्रार केली आणि त्या कार्यक्रमातून आर्लटला काही वर्षे बाजूला ठेवण्यात आले. समालोचनाचे काम मात्र चालू राहिले. क्रिकेटबद्दल बोला, बाकीचे आमच्यावर सोडा, असा तो एकूण मामला होता.

१९५८ च्या सुमारास त्याला केपटाऊनहून हिरव्या शाईत लिहिलेले एक पत्र आले. लिहिणारा होता बेसिल डॉलिव्हिएरा. तिथल्या कायद्याने तो मिश्रवर्णीय ठरला होता, म्हणून गोऱ्यांच्या संघातून खेळण्याची त्याला मुभा नव्हती. आपल्या लोकांच्या खडबडीत मैदानांवर, चटईच्या खेळपट्टीवर त्याने धावांच्या राशी घातल्या होत्या, पण तिथे जन्म जाणार हे दिसत होते. इंग्लंडमध्ये कुठे खेळायला मिळेल का, एवढेच त्याला हवे होते. ज्या आवाजाने त्याच्या देशातून समालोचन केले होते त्या आवाजाच्या मालकाला त्याने लिहिले. ओळख ना देख. अशी पत्रे प्रसिद्ध माणसांना रोज येतात आणि त्यांचे काय होते हेही आपल्याला ठाऊक आहे.

आर्लटने उत्तर पाठवले. नुसते उत्तर पाठवून तो थांबला नाही. त्याने क्लबांची दारे ठोठावली. चटईवर खेळणाऱ्या, कोणी न पाहिलेल्या माणसाला पैसे देऊन घ्यायला कोण तयार होणार? दोन वर्षे गेली. १९६० मध्ये लँकेशरमधल्या मिडल्टन क्लबचा ठरलेला व्यावसायिक खेळाडू, वेस्ट इंडीजचा वेस्ली हॉल, येत नसल्याचे कळले. जॉन के हा पत्रकार त्या भागातला. त्याच्या मदतीने आर्लटने डॉलिव्हिएराचे नाव पुढे सरकवले. हंगामाचे साडेचारशे पौंड ठरले, आणि त्यातूनच प्रवासखर्च भागवायचा. केपटाऊनच्या गोरगरिबांनी वर्गणी काढून त्याला बोटीऐवजी विमानात बसवले. सुरुवातीचे काही सामने वाईट गेले. थंडी, ओले मैदान, आणि गोऱ्यांच्या बरोबरीने जेवायला बसायचे याचेच दडपण. मग धावा येऊ लागल्या. १९६४ मध्ये तो वूस्टरशरकडे गेला आणि १९६६ मध्ये इंग्लंडकडून कसोटी खेळला. वूस्टर हे गाव आर्लटच्या आयुष्यात पुन्हा पुन्हा येते खरे.

पुढचा इतिहास पुष्कळांना ठाऊक असेल, म्हणून थोडक्यात सांगतो. १९६८ च्या ऑगस्टमध्ये ओव्हलवर डॉलिव्हिएराने ऑस्ट्रेलियाविरुद्ध १५८ धावा काढल्या. लगेच दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्यासाठी संघ निवडला गेला आणि त्यात त्याचे नाव नव्हते. त्याच वर्षी ‘गार्डियन’ पत्राचा क्रिकेट प्रतिनिधी झालेल्या आर्लटने लिहिले की त्याला केवळ खेळाच्या निकषावर वगळले यावर कोणी विश्वास ठेवणार नाही. पुढे कार्टराइट जखमी झाला आणि त्याच्या जागी डॉलिव्हिएराला घ्यावे लागले. पंतप्रधान फोर्स्टर यांनी असा संघ आपल्या देशात चालणार नाही म्हणून जाहीर केले, आणि दौरा मोडला. केपटाऊनच्या एका अनोळखी माणसाच्या पत्राला उत्तर दिल्याचा हा परिणाम! इतिहासाच्या पेपरात कारणमीमांसा लिहिताना विद्यार्थी मोठमोठी कारणे लिहितात. हिरव्या शाईचे पत्र कोणी लिहीत नाही.

१९७० च्या उन्हाळ्यात दक्षिण आफ्रिकेचा निवडक गोरा संघ इंग्लंडमध्ये येणार होता. बॅरी रिचर्ड्स, ग्रॅम पोलॉक, प्रॉक्टर अशी डोळ्यांचे पारणे फेडणारी मंडळी त्यात होती. पीटर हेन या तरुणाच्या पुढाकाराने दौऱ्याविरुद्ध चळवळ उभी राहिली होती, मैदानांभोवती काटेरी तारा लागल्या होत्या. एप्रिल महिन्यात आर्लटने ‘गार्डियन’मधून जाहीर केले की या सामन्यांचे समालोचन तो करणार नाही. त्याने दिलेले कारण मला फार महत्त्वाचे वाटते. घोषणा नाही, शिव्याशाप नाहीत. समालोचनात आनंद हा एक आवश्यक घटक असतो, बोलणाऱ्याने आणि ऐकणाऱ्याने तो वाटून घ्यायचा असतो, आणि या मालिकेत आपल्याला तो घेता येणार नाही, असे त्याचे म्हणणे होते. धंद्याच्या भाषेत दिलेले ते कारण होते. सुताराने ओले लाकूड परत करावे तसे.

खेळात राजकारण आणू नये, असे म्हणणारे तेव्हाही होते आणि त्यांत सज्जन माणसे होती. चार वर्षांनी हाच वाद आपल्या दाराशी आला. १९७४ मध्ये डेव्हिस चषकाच्या अंतिम फेरीत भारताची गाठ दक्षिण आफ्रिकेशी होती, आणि भारताने खेळायचे नाकारून चषकावर पाणी सोडले. वसतिगृहात आमचे रात्र रात्र वाद झाले. अमृतराज बंधूंची हातातली संधी गेली म्हणून हळहळणाऱ्यांत मी होतो आणि तरीही निर्णय बरोबर आहे असे म्हणणाऱ्यांतही मीच होतो. आर्लटची गोष्ट मला तेव्हा माहीत नव्हती. माहीत असती तर एवढे नक्की म्हटले असते की नकाराची किंमत ज्याने स्वतःच्या खिशातून मोजली त्याचा नकार तोलून पाहावा. ज्याचे पोट बोलण्यावर, त्याने न बोलण्याचे ठरवले होते. शेवटी १९७० च्या मे महिन्यात ब्रिटिश सरकारच्या विनंतीवरून तो दौरा रद्द झाला. त्याऐवजी सोबर्सच्या नेतृत्वाखाली विश्व संघ उभा राहिला, ज्यात आपला फारुख इंजिनियरही खेळला, आणि आर्लट पुन्हा ध्वनिक्षेपकामागे येऊन बसला.

त्याच्या खाजगी आयुष्यात फार शिरायचे कारण नाही. दोन-तीन गोष्टी मात्र सांगायला हव्यात. नववर्षाच्या रात्री, १९६५ साल उजाडताना, त्याचा थोरला मुलगा जेम्स मोटार अपघातात गेला. त्या दिवसापासून आर्लटने काळ्या रंगाखेरीज दुसरा टाय बांधला नाही. उन्हाळ्याच्या भर दुपारी हसत्या आवाजात समालोचन करणाऱ्या माणसाच्या गळ्यात तो काळा टाय असे, आणि नभोवाणीच्या श्रोत्यांना तो दिसत नसे. वाइनवर त्याचे अतोनात प्रेम होते आणि त्या विषयावर त्याने पुस्तके लिहिली. लिबरल पक्षाकडून तो दोनदा, १९५५ आणि १९५९ मध्ये, पार्लमेंटसाठी उभा राहिला आणि दोनदा पडला. काउंटी खेळाडूंची संघटना निघाली तेव्हा तिचा अध्यक्ष म्हणून खेळाडूंनी याच बिनखेळाडू माणसाला निवडले.

२ सप्टेंबर १९८०. लॉर्ड्सवर इंग्लंड आणि ऑस्ट्रेलिया यांची शताब्दी कसोटी. निवृत्त होण्यापूर्वीची त्याची ही शेवटची पाळी. समालोचन कक्षात सगळे कान टवकारून बसले होते, की हा कवी आता जाता जाता काय बोलतो. त्याने शेवटचे षटक नेहमीसारखे सांगितले, आता ट्रेव्हर बेलीचे मत ऐका आणि त्यानंतर ख्रिस्तोफर मार्टिन-जेंकिन्स बोलतील असे सांगितले, आणि तो उठला. बस. मैदानावरच्या ध्वनिवर्धकावरून जेव्हा जाहीर झाले की आर्लटने आपले शेवटचे समालोचन पुरे केले, तेव्हा प्रेक्षक उभे राहिले, क्षेत्ररक्षण करणारे खेळाडू कक्षाकडे वळून टाळ्या वाजवू लागले, आणि फलंदाजी करत असलेल्या जेफ बॉयकॉटने हातमोजे काढून टाळ्या वाजवल्या.

पुढची वर्षे त्याने खाडीतल्या ऑल्डर्नी या चिमुकल्या बेटावर काढली. श्वासाच्या विकाराने छाती भरून येई, तो आवाजही थकत चालला होता. बोथम शेजारी घर घेऊन राहिला होता. तो येई, बाटली उघडली जाई, गप्पा होत. १९९० मध्ये त्याचे आत्मचरित्र ‘बेसिंगस्टोक बॉय’ निघाले. ते त्याने तृतीय पुरुषात लिहिले आहे. जन्मभर दुसऱ्यांविषयी बोलल्यावर मी हा शब्द त्याच्या लेखणीला जड गेला असावा.

१० नोव्हेंबर १९९१ रोजी कलकत्त्याच्या ईडन गार्डन्सवर दक्षिण आफ्रिकेचा संघ एकवीस वर्षांच्या बहिष्कारानंतर पहिला आंतरराष्ट्रीय सामना खेळला, तो भारताविरुद्ध. त्यानंतर पाच आठवड्यांनी, १४ डिसेंबरला, आर्लट ऑल्डर्नीला आपल्या घरी वारला. वय होते सत्त्याहत्तर.